सादिया गाओन : व्याकरण कशासाठी?

ज्यू तत्त्वज्ञानाच्या इतिहासात सादिया गाओनचे नाव अगदी सुरुवातीला येते आणि हिब्रू व्याकरणाच्या इतिहासातही. मात्र ही जणू दोन वेगळी माणसे असावीत, अशा बेताने. ८८२ मध्ये इजिप्तच्या फय्यूम प्रांतात जन्मलेल्या या पंडिताने विसाव्या वर्षी ‘अग्रोन’ हा हिब्रू शब्दसंग्रह रचला, ९२८ मध्ये तो इराकातल्या सुरा विद्यापीठाचा ‘गाओन’ म्हणजे प्रमुख झाला आणि ९३३ मध्ये त्याने श्रद्धेची तर्काने मांडणी करणारा ‘किताब अल-अमानात’ अरबीत लिहिला. भाषेचे काम ही तरुणपणची हौस आणि धर्मचिंतन ही प्रौढपणची कमाई, ही वाटणी सोयीची असली तरी मला पटत नाही. त्याच्या धर्मशास्त्राचा पाया भाषेच्या अभ्यासातच घातला गेला आहे.

त्या काळी ज्यूंमधला करायी पंथ जोरात होता. तालमूदमधली गुरुजनांची मौखिक परंपरा त्याला अमान्य. प्रमाण काय ते बायबल. सादियाने या पंथाला अनेक ठिकाणी उघड उत्तरे दिलीच, पण सर्वांत धूर्त उत्तर एका छोट्या पुस्तकात आहे. बायबलात एकदाच किंवा क्वचितच येणारे शब्द त्याने निवडले (नाव ‘सत्तर शब्दां’चे, भरतात नव्वदच्या आसपास) आणि त्यांचा अर्थ मिश्ना या मौखिक परंपरेच्या संहितेतल्या हिब्रूवरून लावून दाखवला. एकदाच आलेल्या शब्दाचा अर्थ ताडून पाहायला त्या ग्रंथात दुसरी जागाच नसते. मग गुरुजनांची भाषा टाकून देणारा माणूस तो ग्रंथ तरी वाचणार कसा? पुढे ‘अमानात’मध्ये इंद्रियानुभव, बुद्धी आणि अनुमान यांच्या जोडीला तो विश्वसनीय परंपरा हे चौथे प्रमाण मानतो. आपल्याकडच्या शब्दप्रमाणाची इथे आठवण व्हावी. ‘सत्तर शब्दां’च्या पुस्तकात वापरलेल्या युक्तिवादालाच त्याने इथे सिद्धांताचे रूप दिले.

यावर कोणी म्हणेल, ‘अग्रोन’ तर कवींसाठी होता. त्यात शब्द आद्याक्षरांनी लावले आहेत, तसेच यमकासाठी अंत्याक्षरांनीही. खरे आहे. पण हे कवी प्रामुख्याने प्रार्थनामंदिरातले. सादियाने स्वतः प्रार्थनासंग्रह सिद्ध केला, त्यात आपली रचना घातली आणि ‘अग्रोन’च्या हिब्रू प्रस्तावनेत आपल्या लोकांना स्वभाषेचा विसर पडल्याची खंत मांडली.

दुसरा आक्षेप अधिक वजनदार आहे. त्याचे व्याकरण कच्चे होते. हिब्रू क्रियापदाचा धातू तीन व्यंजनांचा, हे दहाव्या शतकाच्या अखेरीस कोर्दोव्यात हय्यूज या व्याकरणकाराने सिद्ध केले. सादियाला ते उमगले नव्हते आणि त्याचाच शिष्य दुनाश बेन लब्रात याने त्याच्या चुका काढल्या. हे मान्यच करावे लागते. मात्र त्यातून निर्णय लागतो तो त्याच्या व्याकरणाच्या दर्जाचा, हेतूचा नव्हे. हय्यूजनंतर सादियाच्या व्याकरणग्रंथाची बारा प्रकरणे मागे पडली. आज त्यांचे तुकडेच उरले आहेत, तेही बहुतांशी कैरोच्या गेनिझातून, म्हणजे प्रार्थनामंदिरातल्या जुन्या हस्तलिखितांच्या कोठारातून. ‘अमानात’ मात्र यहूदा इब्न तिब्बोनच्या ११८६ च्या हिब्रू अनुवादामुळे युरोपभर वाचला गेला. सादियाची दोन माणसे झाली ती अशी, नकलकारांच्या निवडीतून. त्याच्या लेखनात ती फूट नाही.