स्वस्त टॅब, फुकट खेळ आणि घरचा हिशेब

घरात टॅब येतो तो अभ्यासासाठी. आईवडील पोटाला चिमटा काढून, हप्ते बांधून तो आणतात. आणि दुसऱ्याच दिवशी मूल विचारते, "यात गेम टाकू का?" बहुतेक घरांत या प्रश्नाला दोनच उत्तरे मिळतात. एक म्हणजे, "खबरदार, हात लावशील तर!" आणि दुसरे, "टाक काय टाकायचे ते, पण डोके खाऊ नकोस." माझ्या मते ही दोन्ही उत्तरे चुकीची आहेत. पहिल्या उत्तराने मूल चोरून खेळ टाकायला शिकते, दुसऱ्याने ते एकट्याने टाकते. स्वस्त टॅबच्या बाबतीत दोन्हींचा परिणाम एकच. टॅब बिघडतो, पैसे जातात, आणि शेवटी दोष मुलाच्या माथी येतो.

मुळात खेळ म्हणजे वाया गेलेला वेळ, ही समजूत आपण सोडून दिली पाहिजे. ज्यांच्या बालपणी हातात खेळण्याऐवजी काम आले, त्यांना खेळ ही चैन वाटावी हे साहजिक आहे. परंतु संयुक्त राष्ट्रांच्या १९८९ च्या बालहक्क संहितेच्या ३१ व्या कलमाने विश्रांती आणि खेळ हा प्रत्येक बालकाचा हक्क मानला आहे, आणि भारताने ही संहिता १९९२ साली स्वीकारली आहे. तेव्हा खेळ टाकायचा की नाही, हा प्रश्न नाही. कोणता, कोठून आणि कोणाच्या देखत टाकायचा, हा खरा प्रश्न आहे.

स्वस्त म्हणजे काय कमी?

वस्तू स्वस्त असते तेव्हा तिच्यात काही तरी कमी केलेले असते. ५ ऑक्टोबर २०११ रोजी तत्कालीन केंद्रीय मनुष्यबळ विकास मंत्री कपिल सिब्बल यांनी दिल्लीत 'आकाश' टॅब देशापुढे आणला, ते अनेकांना आठवत असेल. डेटाविंड कंपनीचा हा टॅब सरकारला सव्वादोन हजार रुपयांच्या आसपास पडत होता. गरिबाच्या मुलाच्या हातातही संगणक यावा, हा हेतू चांगलाच होता. पण त्याचा प्रोसेसर होता ३६६ मेगाहर्ट्झचा आणि रॅम अवघी २५६ एमबी. पडद्यावर बोट टेकवून भागत नसे, दाबावे लागे. गुगलचे अधिकृत अ‍ॅपचे दुकानही त्यावर नव्हते. खेळ घ्यायचे तर गेटजार नावाच्या दुसऱ्या दुकानातून घ्यावे लागत. टॅब फार संथ चालतो, अशा तक्रारी झाल्या. पुढे नोव्हेंबर २०१२ मध्ये राष्ट्रपती प्रणव मुखर्जी यांच्या हस्ते 'आकाश २' आला. त्यात प्रोसेसर १ गिगाहर्ट्झचा आणि रॅम दुप्पट, म्हणजे ५१२ एमबी होती.

आजचे स्वस्त टॅब त्याच्या कितीतरी पुढे गेले आहेत. २०२१ साली भारतात आलेला सॅमसंगचा गॅलेक्सी टॅब ए७ लाइट पाहा. पडदा ८.७ इंची, रॅम ३ जीबी, साठवण ३२ जीबी. पण खेळही तेवढेच जड झाले आहेत. त्यामुळे 'आकाश'च्या वेळचा प्रश्न आजही कायम आहे. यंत्राची ताकद किती आणि आपण त्यावर ओझे किती घालतो?

जागेचा जमाखर्च

कचेरीतल्या भाषेत सांगायचे तर रॅम म्हणजे काम करायचे टेबल आणि साठवण म्हणजे फायलींचे कपाट. कपाट कितीही मोठे असले तरी टेबल लहान असेल तर एका वेळी एकच फाईल उघडता येते. स्वस्त टॅबवर मोठा खेळ अडखळतो, मध्येच बंद पडतो, तो बहुधा टेबल लहान असल्यामुळे. टॅब बिघडला असे नाही.

कपाटाचीही गोष्ट ऐका. खोक्यावर ३२ जीबी लिहिलेले असते, पण अ‍ॅण्ड्रॉइड ही मूळ यंत्रणा आणि कंपनीने आधीच घालून दिलेली अ‍ॅप्स त्यातूनच जागा घेतात. पगारपत्रकावरची रक्कम आणि कपात होऊन हाती पडणारी रक्कम यांत जो फरक असतो, तोच येथे. म्हणून खेळ टाकण्यापूर्वी सेटिंगमध्ये जाऊन 'स्टोरेज' उघडावे आणि शिल्लक किती आहे ते मुलाला मोठ्याने वाचायला सांगावे. समजा १२ जीबी शिल्लक आहे. त्यातील ४ जीबी धडे, फोटो आणि पुढे येणाऱ्या अपडेटसाठी राखून ठेवावेत. उरलेल्या ८ जीबीतच खेळांचा संसार बसवावा. मेमरी कार्ड असेल तर धड्यांचे व्हिडिओ व पीडीएफ कार्डावर हलवता येतात, पण बरेच खेळ कार्डावर जात नाहीत. त्यांना आतलीच जागा लागते.

दुसरा खर्च डेटाचा. दिवसाला दीड जीबीचा पॅक असेल आणि खेळ १ जीबीचा असेल, तर त्या दिवशी अभ्यासाला अर्धाच जीबी उरतो. शिवाय काही खेळ दुकानात लहान दिसतात, पण पहिल्यांदा उघडल्यावर आणखी मोठ्या फायली मागतात. म्हणून पहिल्यांदा खेळ उघडताना मोठ्या माणसाने शेजारी बसावे. प्ले स्टोअरच्या सेटिंगमध्ये अपडेट फक्त वायफायवरच व्हावेत, अशी सोय असते. ती आजच करून ठेवावी.

दुकान सोडून पदपथावर जाऊ नये

प्ले स्टोअरमध्ये कधी कधी 'हा खेळ आपल्या यंत्रावर चालणार नाही' असा शेरा येतो. अ‍ॅण्ड्रॉइडची आवृत्ती जुनी असते, रॅम अपुरी असते किंवा यंत्रणा जुन्या ३२ बिट पद्धतीची असते. खरा धोका येथून पुढे सुरू होतो. मुले मग त्या खेळाची 'एपीके' फाईल शोधतात. एपीके म्हणजे दुकानाबाहेर हातोहात फिरणारी अ‍ॅपची फाईल. फेब्रुवारी २०२२ मध्ये केंद्र सरकारने बंदी घातलेल्या ५४ अ‍ॅप्समध्ये 'फ्री फायर' हा मुलांचा लाडका खेळ होता. बंदी घातलेला किंवा न चालणारा खेळ हवा असला की 'फुकट नाणी मिळणारी' बदललेली फाईल कोणी तरी मित्र पाठवतोच.

आमच्या वस्तीतल्या अभ्यासिकेत येणाऱ्या नववीच्या एका मुलाचे असेच झाले. त्याची आई चार घरची धुणीभांडी करते. तिने घेतलेल्या टॅबवर त्याने मित्राकडून आलेली फाईल चढवली. खेळ चाललाच नाही, पण पडद्यावर दर मिनिटाला जाहिराती उमटू लागल्या. शिष्यवृत्तीचा अर्ज भरताना अर्जावरही जाहिरात! मुलाने चार दिवस कोणाला सांगितले नाही, कारण घरात "खबरदार" हा शब्द आधीच बोलला गेला होता. शेवटच्या तारखेला दोन दिवस उरले तेव्हा तो रडवेला होऊन अभ्यासिकेत आला.

उपाय फारसा अवघड नव्हता. टॅब बंद करण्याचे बटण दाबून 'पॉवर ऑफ'वर बोट काही वेळ दाबून ठेवले की बहुतेक टॅब 'सेफ मोड'मध्ये सुरू करता येतात. त्यात बाहेरून टाकलेली अ‍ॅप्स चालत नाहीत. मग सेटिंगमधील अ‍ॅपच्या यादीतून ते अनोळखी अ‍ॅप काढून टाकायचे. ते निघत नसेल तर त्याने 'डिव्हाइस अ‍ॅडमिन'चा अधिकार घेतला आहे का ते पाहून तो आधी काढायचा. त्यानेही भागले नाही तरच फोटो व कागदपत्रे दुसरीकडे घेऊन टॅब पूर्ण कोरा करायचा. त्या मुलाचा अर्ज वेळेत गेला. पण चार दिवस त्याने एकट्याने जी भीती सोसली, ती सोसण्याचे कारण नव्हते.

अ‍ॅण्ड्रॉइडमध्ये अनोळखी ठिकाणची अ‍ॅप्स टाकू देणारी परवानगी मुळात बंदच असते. ती बंदच राहू द्यावी. शाळेने किंवा संस्थेने दिलेल्या टॅबला कुलूप असेल तर तेही तोडू नये. तो टॅब आपल्याकडे विश्वासाने दिलेला असतो.

'फुकट' शब्दाचा अर्थ

खेळाच्या नावाखाली दोन छोट्या ओळी असतात. 'जाहिराती आहेत' आणि 'अ‍ॅपमधील खरेदी'. या ओळी वाचल्याशिवाय खेळ टाकू नये. अ‍ॅपमधील खरेदी म्हणजे खेळ फुकट, पण तलवार, कपडे, नाणी विकत. टॅबवर आईवडिलांचे खाते उघडे असेल आणि त्याला पैशांचा मार्ग जोडलेला असेल, तर मुलाच्या एका बोटाने महिन्याच्या किराण्याचे पैसे जाऊ शकतात. म्हणून मुलाच्या टॅबवर बँकेचे अ‍ॅप किंवा यूपीआय ठेवू नये. प्रत्येक खरेदीला पासवर्ड मागितला जाईल, अशी प्ले स्टोअरमध्ये व्यवस्था करावी. पिन मुलाला सांगू नये आणि त्याच्या देखत टाकूही नये. चुकून खरेदी झालीच तर ४८ तासांच्या आत गुगलकडे परताव्याची मागणी करावी. फसवणूक झाली असेल तर १९३० या क्रमांकावर लगेच तक्रार नोंदवावी.

'खेळा आणि पैसे जिंका' म्हणणाऱ्यांना तर दारातच अडवावे. ऑगस्ट २०२५ मध्ये संसदेने मंजूर केलेल्या ऑनलाइन खेळांविषयीच्या कायद्यात पैसे लावून खेळवल्या जाणाऱ्या खेळांवर आणि त्यांच्या जाहिरातींवर बंदीची तरतूद आहे. पत्त्यांच्या अड्ड्याने आपल्या वस्त्यांतील किती संसार धुळीला मिळवले, हे आपण पाहिले आहे. तोच अड्डा खेळाचे रूप घेऊन मुलाच्या उशाशी येता कामा नये.

परवानग्यांकडेही लक्ष असावे. सोंगट्यांच्या खेळाला आपले एसएमएस वाचायचे काय काम? बँकेचे ओटीपी एसएमएसनेच येतात. संपर्क यादी, एसएमएस किंवा 'अ‍ॅक्सेसिबिलिटी' मागणाऱ्या खेळाला सरळ नकार द्यावा. २०२३ च्या डिजिटल वैयक्तिक माहिती संरक्षण कायद्याने १८ वर्षांखालील व्यक्तीला बालक मानले आहे, आणि त्याची माहिती वापरण्यास पालकांची संमती आवश्यक ठरवली आहे. आपली संमती ही मोलाची वस्तू आहे. ती न वाचता देऊ नये.

मग टाकावे तरी काय?

लहान आकाराचे, इंटरनेटशिवाय चालणारे आणि घरच्यांसोबत खेळता येणारे खेळ स्वस्त टॅबला मानवतात. बुद्धिबळासाठी 'लिचेस' आहे. ते पूर्ण मोफत असून त्यात जाहिरात नाही, आणि नेट नसतानाही यंत्राशी डाव मांडता येतो. नागपूरच्या दिव्या देशमुखने जुलै २०२५ मध्ये महिलांचा बुद्धिबळ विश्वचषक जिंकला. हा खेळ आपल्याच मातीतल्या मुलीने जगाला दाखवला आहे. डोके चालवायला सायमन टॅथम यांच्या कोड्यांचा संग्रह आहे. तो अगदी थोड्या जागेत बसतो, आणि त्यातही जाहिराती नाहीत. लहानग्यांसाठी 'जीकॉम्प्री' आहे, त्यात आकडे, अक्षरे व चित्रांचे शंभरावर खेळ आहेत. सगळ्यांनी मिळून खेळायला नवी मुंबईच्या गेमेशन कंपनीने २०१६ साली काढलेला 'लुडो किंग' आहे. त्यात जाहिराती व खरेदी आहे, पण एकाच टॅबभोवती बसून तो नेट बंद ठेवूनही खेळता येतो.

टाकण्याची रीत थोडक्यात अशी. आधी शिल्लक जागा पाहावी. प्ले स्टोअरमध्ये खेळाचे नाव, बनवणाऱ्याचे नाव आणि वयाचा शेरा (३+, ७+, १२+ असा) पाहावा, कारण एकाच नावाचे नकली खेळ पुष्कळ असतात. आकार पाहावा. कमी गुण देणाऱ्यांचे अभिप्राय आधी वाचावेत, त्यांतच खऱ्या तक्रारी सापडतात. टाकल्यावर पहिली दहा मिनिटे सोबत खेळावे. नवा खेळ हवा तर जुना काढावा. टॅब चार्जिंगला असताना खेळू देऊ नये, तो तापतो. मूल १३ वर्षांखालील असेल तर 'फॅमिली लिंक' वापरून त्याचे खाते आपल्या देखरेखीखाली काढावे. त्यामुळे प्रत्येक नव्या अ‍ॅपला मंजुरी आणि खेळाला वेळेची मर्यादा घालता येते.

एक गोष्ट मात्र कोणत्याही सेटिंगमध्ये सापडत नाही. मित्राच्या महागड्या फोनवर चालणारा खेळ आपल्या टॅबवर चालत नाही, हे मुलाला मनातून लागते. "आपल्याला परवडत नाही" एवढे बोलून तो विषय संपवू नये. टेबल आणि कपाट यांचा हिशेब त्याला समजावून सांगावा. टॅबची ताकद कमी आहे, त्याच्या बुद्धीची नाही, हे त्याला कळू द्यावे. ज्या मुलाला आपल्या यंत्राची मर्यादा का आहे हे समजते, ते मूल यंत्राचे गुलाम होत नाही. उद्या तेच मूल असा खेळ तयार करील, की तो सर्वांत स्वस्त टॅबवरही विनातक्रार चालेल. पालकांनी त्यासाठी येत्या सुटीच्या दिवशी अर्धा तास काढावा, मुलाला शेजारी बसवावे आणि म्हणावे, "चल, बघू या, कोणता खेळ टाकायचा."