वठलेल्या झाडाचा पहारा

जे सर्वांत मोलाचे, ते बालेकिल्ल्यात ठेवायचे, हा जुना रिवाज. खजिना, दप्तर, राजाचे कुटुंब. इंग्रज लेखक जे. आर. आर. टोल्कीन यांनी मात्र असा एक बालेकिल्ला कल्पिला, की जिथे रात्रंदिवस पहारा आहे तो एका वठलेल्या झाडावर, आणि दरबारात सर्वांत उंच जागा आहे ती एका रिकाम्या सिंहासनाची. ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’ या १९५४-५५ मध्ये तीन खंडांत आलेल्या कादंबरीतले हे नगर म्हणजे गोंडोर राज्याची राजधानी मिनास तिरिथ. २००३ सालच्या चित्रपटामुळे ते आपल्याकडच्या मुलांनाही ठाऊक झाले. मुलांना त्यातली लढाई आवडते. माझे मन मात्र त्या झाडापाशी रेंगाळते.

डोंगराच्या सोंडेवर एकावर एक सात तट. दरवाजे एका रेषेत नाहीत. पहिला पूर्वेला, दुसरा आग्नेयेला, तिसरा ईशान्येला, अशी वाट वळणे घेत चढते. गडकिल्ले पायाखाली घातलेल्या वाचकाला ही युक्ती सांगायला नको. महाद्वारापासून ७०० फूट उंचीवर सातव्या तटाच्या आत बालेकिल्ला, त्यात ३०० फुटांचा पांढरा मनोरा, समोर कारंजे आणि कारंज्याच्या काठी ते निष्पर्ण झाड. पहारेकऱ्यांच्या काळ्या पोशाखावर मात्र तेच झाड पांढऱ्या फुलांनी बहरलेले!

याची कथा अशी. गोंडोरचा शेवटचा राजा शत्रूचे आव्हान स्वीकारून त्याच्या नगरात गेला, तो परतलाच नाही. त्याचा मृत्यू कोणी पाहिला नाही, आणि वारसही नव्हता. तेव्हा कारभाऱ्याने राज्य हाती घेतले, ते राजा येईपर्यंत त्याच्या नावाने सांभाळण्यासाठी. असे एकामागून एक सव्वीस कारभारी झाले. साडेनऊशेहून अधिक वर्षे लोटली. शपथेचे शब्द हळूहळू नुसती रीत होऊन बसले. पण कारभारी बसत राहिला तो सिंहासनाच्या पायऱ्यांखाली, एका साध्या काळ्या आसनावर. नंदिग्रामात पादुका ठेवून राज्य करणारा भरत आपल्याला आठवतोच. पण भरताला चौदा वर्षांची मुदत ठाऊक होती. इथे मुदत नाही. मधेच झाडही वठले. नवे रोप मिळेना, म्हणून राजा येईपर्यंत ते तसेच उभे ठेवले. त्यालाही सुमारे दीडशे वर्षे झाली.

शेवटचा सत्ताधारी कारभारी डेनेथॉर. त्याचा थोरला मुलगा बोरोमिर लहानपणी विचारतो, की राजा आलाच नाही, तर कारभाऱ्याचा राजा व्हायला किती शतके लागतात? बाप सांगतो, इतर ठिकाणी थोडी वर्षे पुरत असतील. गोंडोरमध्ये दहा हजारही पुरणार नाहीत.

मी उमेदीची वर्षे बँकेत काढली, त्यामुळे हा प्रश्न मला आमच्या धंद्यातलाच वाटतो. दहा वर्षे कोणी न विचारलेली ठेव २०१४ पासून रिझर्व्ह बँकेच्या एका निधीत जमा होते. पण त्यानंतरही ठेवीदार किंवा त्याचा वारस कागदपत्रे घेऊन आला, तर पैसे द्यावेच लागतात. मालक आला नाही, एवढ्यावरून ठेव सांभाळणाऱ्याची होत नाही. योगायोग असा, की टोल्कीन यांचे वडीलही बँकेतच होते. दक्षिण आफ्रिकेत ब्लूमफाँटेनला ते नोकरीला असताना १८९२ मध्ये टोल्कीन जन्मले, आणि मुलगा चार वर्षांचा असताना वडील वारले. यावरून कादंबरीचा अर्थ लावणे ओढूनताणून होईल. पण निवृत्त बँकवाल्याला हे वाचून बरे वाटते, एवढे खरे.

मुलाला इतके नेमके उत्तर देणारा डेनेथॉर पुढे स्वतःच ते विसरतो. खरा वारस येतो आहे, हे कळूनही त्याला आसन सोडवत नाही. गँडाल्फ त्याला सांगतो, की मीही एक कारभारीच आहे. या काळरात्रीतून जे जे चांगले वाचेल, त्याची राखण माझ्याकडे. डेनेथॉरला ते पटत नाही. नगराला वेढा पडलेला असताना तो पूर्वजांच्या थडग्यांत चिता रचतो आणि तापाने बेशुद्ध पडलेल्या फारामिरला, आपल्या जिवंत धाकट्या मुलाला, सोबत जाळायला निघतो. जे माझ्याजवळ राहणार नाही, ते उरूच नये, ही मालकाची भाषा. मुलगा वाचतो, बाप जळतो.

युद्ध संपते, राजा येतो. फारामिर अधिकाराची पांढरी काठी त्याच्यापुढे धरतो; राजा ती त्यालाच परत देतो. पुढे नगरामागच्या डोंगरावर, पूर्वी फक्त राजेच जात अशा पवित्र जागी, बर्फाच्या कडेला त्याच वंशाचे रोप सापडते. मग जुने झाड काढतात. ते जाळत नाहीत. थडग्यांच्या त्याच निःशब्द गल्लीत सन्मानाने नेऊन ठेवतात. मेलेले झाड जाळले नाही, आणि तिथेच बाप जिवंत मुलाला जाळायला निघाला होता! ही दोन दृश्ये शेजारी ठेवून पाहा.

नुसते जुने कवटाळणे म्हणजे राखण नव्हे, हेही लेखकाला ठाऊक आहे. याच राज्याच्या पडत्या काळातल्या राजांनी जिवंतांच्या घरांपेक्षा थडगी देखणी बांधली, असे त्याने फारामिरच्याच तोंडी घातले आहे. राखायचे ते पुढे देण्यासाठी.

आमच्या वयाच्या माणसांच्या हाती अजून बऱ्याच किल्ल्या असतात. घराच्या, गावच्या जमिनीच्या, एखाद्या वाचनालयाच्या, ट्रस्टच्या. मुले मोठी होतात, वेगळ्या वाटेने जाऊ म्हणतात, आणि आपल्याला वाटते, मी एवढे सांभाळले, मग हे माझेच नाही का? अशा वेळी मला त्या प्रांगणातले पहारेकरी आठवतात. पिढ्यान्‌पिढ्या ते वठलेल्या झाडाखाली उभे राहिले. त्यांतल्या बहुतेकांनी त्याला एक पानही फुटलेले पाहिले नाही. पाळी संपली, की दुसऱ्याला जागा देऊन ते घरी जात.