राजवाड्याचा मुदपाकखाना आणि बाजारातलं मुगाचं धिरडं

घरातल्या पोरी मोबाईलवर कोरियन मालिका बघत बसतात आणि येता-जाता आपणही डोकावतो. त्या मालिकांतला राजवाडा, घेरदार पोशाखातली राणी, हातात ताटं घेऊन मान खाली घालून चालणाऱ्या बायका आता आपल्या ओळखीच्या झाल्या आहेत. हे राजवाडे खरंच आहेत का, तिथे जाता येतं का, त्या बायका खरंच होत्या का? आज आपण त्याचीच माहिती घेऊ. त्यासाठी दक्षिण कोरियाच्या राजधानीत, सोल शहरात, एक दिवस फिरून येऊ. बसल्या जागीच फिरायचंय, त्यामुळे तिकिटाची काळजी नको.

सोलमध्ये एका दिवसाची सहल मिळते. सकाळी गाडी मुक्कामाच्या ठिकाणी न्यायला येते, सोबत गाईड असतो. दुपारपर्यंत राजवाडे, मग जेवण, मग जुने बाजार, आणि संध्याकाळी परत. परदेशी पाहुण्यांना माहिती सांगायची तर तिथे सरकारी परीक्षा देऊन परवाना घ्यावा लागतो. शिवाय मोठ्या राजवाड्यांत ठरलेल्या वेळी फुकट माहिती सांगणारे गाईडही असतात, परदेशी भाषांतसुद्धा. म्हणजे खर्च वाचवायचा असेल तर आपापलं जाऊनही सगळं समजून घेता येतं. फक्त वार बघून जायचं. सगळ्यात मोठा राजवाडा, ग्योंगबोकगुंग, मंगळवारी बंद असतो आणि दुसरा, चांगदोकगुंग, सोमवारी.

सुरुवात ग्योंगबोकगुंगपासून. ग्वांगह्वामुन नावाच्या भल्या मोठ्या वेशीसमोर सकाळी १० वाजता पहारा बदलण्याचा सोहळा होतो. ढोल, निशाणं, रंगीत अंगरखे घातलेले शिपाई. हा आताच्या काळात पाहुण्यांसाठी बसवलेला कार्यक्रम आहे, पण बघायला झकास आहे. आत जायचं तिकीट कित्येक वर्षं ३००० वोन आहे, म्हणजे आपले दोनशे रुपयेही नाहीत. आणि गंमत अशी, की तिथला पारंपरिक पोशाख, हानबोक, घालून आलात तर तिकीटच नाही! त्यामुळे राजवाड्याच्या आसपास हानबोक भाड्याने देणाऱ्या दुकानांची रांग लागली आहे. एका सवलतीने केवढा धंदा उभा राहिला बघा. पोशाख शिवणारे, धुणारे, केसांची वेणी घालून देणाऱ्या, फोटो काढणारे, सगळ्यांना काम.

आत मोठं फरसबंदी अंगण आणि समोर सिंहासनाचा महाल. अंगणात दोन्ही बाजूंना छोटे दगड रोवलेत. दरबार भरला की कोणत्या दर्जाच्या अधिकाऱ्याने कुठे उभं राहायचं ते त्यांवर कोरलेलं आहे. सिंहासनामागे चित्राचा पडदा आहे. त्यावर सूर्य, चंद्र आणि पाच डोंगर. तो राजाच्या मागेच असायचा.

आता एक गोष्ट गाईड कधी सांगतो, कधी घाईत राहून जाते. हा राजवाडा १३९५ साली बांधला हे खरं, पण आज डोळ्यांना दिसतं त्यातलं फारच थोडं तेवढं जुनं आहे. १५९२ साली जपानने स्वारी केली तेव्हा तो जळाला. पुढे पावणेतीनशे वर्षं नुसते अवशेष पडून होते. १८६७ साली तो पुन्हा उभा राहिला. १९१० मध्ये जपानने देशच ताब्यात घेतला. बहुतेक इमारती उतरवल्या आणि सिंहासनाच्या महालासमोर आपल्या सरकारची दगडी कचेरी बांधली. राजवाडा रस्त्यावरून दिसूच नये अशी. ती कचेरी कोरियाच्या लोकांनी १९९५ मध्ये पाडायला घेतली. महाल एकेक करून पुन्हा बांधायचं काम १९९० पासून सुरू आहे. मागच्या बाजूच्या ज्या वाड्यात १८९५ साली जपान्यांनी पाठवलेल्या मारेकऱ्यांनी राणी म्योंगसोंगला ठार केलं, तोही पुढे पाडला गेला होता. २००७ मध्ये तो परत बांधून लोकांसाठी उघडला. तिथे गेलात तर जरा थांबा. राणी राजकारणात जाणती होती, रशियाशी संधान बांधून जपानला अडवू पाहत होती, म्हणून तिला मारलं.

राणीच्या महालामागे टप्प्याटप्प्यांची बाग आहे आणि तिच्यात नक्षीदार विटांची धुराडी उभी आहेत. बागेत धुराडी कशाला? तर कोरियात थंडी कडाक्याची. घराबाहेरच्या चुलीत जाळ करायचा आणि त्याचा गरम धूर जमिनीखालच्या नळ्यांतून फिरवून लांब नेऊन सोडायचा. त्यामुळे जमीनच गरम राहते. याला ओन्दोल म्हणतात. साध्या घरांत तोच जाळ स्वयंपाकाला आणि तोच ऊब द्यायला. धूर घरात नाही! आपल्या चुलीपुढे डोळे चोळत बसणाऱ्या बाईला हे ऐकून हेवा वाटेल.

आता आपल्या खऱ्या ठिकाणी येऊ. राजाचा मुदपाकखाना. तोही नव्याने बांधलाय, २०१५ मध्ये उघडला. दगडी अंगण, ओळीने चुली, कौलारू छत. सहलीची मंडळी पाच मिनिटांत फोटो काढून पुढे जातात. आम्ही म्हणू, इथे अर्धा तास द्यावा.

इथे काम करणाऱ्या बायका लहानपणीच राजवाड्यात आणल्या जात. काही तर चार-पाच वर्षांच्या असताना. कुणी शिवणकामाच्या खात्यात, कुणी भरतकामाच्या, कुणी धुण्याच्या, कुणी स्वयंपाकाच्या. पंधराएक वर्षं उमेदवारी केली की लग्नासारखा समारंभ व्हायचा, नटवून-सजवून, पण नवरदेव नसायचा. त्यानंतर ती बाई राजवाड्याची. लग्न नाही, संसार नाही. सहसा आजारी पडली किंवा तिचा मालक वारला तरच बाहेर जायचं, आणि बाहेर पडूनही लग्नाला बंदी. अजून तेवढीच वर्षं गेली की वरचा हुद्दा मिळे, संगगुंग. राजाच्या ताटात बारा वाट्या-तबकांतले पदार्थ वाढायचे आणि राजाच्या आधी एका बाईने घास खाऊन बघायचा, विष नाही ना म्हणून. मोठ्या मेजवान्यांचा स्वयंपाक मात्र पुरुष आचारी करत. रोजचं रांधणं बाईचं आणि समारंभाचा मान पुरुषाचा, हे तिकडेही होतंच म्हणायचं.

राज्य गेल्यावर या बायकांचं काय झालं? पांगल्या. एकेक करत वारल्या. त्यांच्याबरोबर ती चव, ते प्रमाण, कोणत्या महिन्यात काय मुरवायचं हे ज्ञानही संपत चाललं. कारण ते हातात होतं, कागदावर नव्हतं. त्यांतली एक उरली होती, हान ही-सून. जन्म १८८९चा. लहान मुलगी असताना ती राजवाड्यात गेली, शेवटच्या दोन राजांच्या स्वयंपाकात राबली आणि पुढे शेवटच्या राणीजवळ राहिली. १९४०च्या दशकात ह्वांग हे-सोंग नावाची महाविद्यालयात शिकवणारी तरुणी तिच्याकडे शिकायला गेली. ही म्हातारी अंदाजाने करणारी, चिमूटभर, मूठभर. ह्वांग हे-सोंगने ते मोजलं, मापलं, लिहिलं. एकदोन वर्षं नाही, पुढची कित्येक वर्षं. आपल्या सासूबाईंच्या गोडा मसाल्याचं प्रमाण ज्यांनी कधी विचारून घेतलंय, त्यांना कळेल हे किती चिकाटीचं काम आहे.

१९७१ साली कोरियाच्या सरकारने राजवाड्याचा स्वयंपाक हा देशाचा वारसा म्हणून जाहीर केला आणि त्या विद्येची पहिली अधिकृत जाणकार म्हणून हान ही-सूनचं नाव लावलं. पुढच्याच वर्षी ती वारली. म्हणजे किती थोडक्यात वाचलं बघा. तिच्यानंतर तो मान ह्वांग हे-सोंगला मिळाला आणि तिच्यानंतर तिच्या मुलीला, हान बोक-र्योला. राजवाड्यातल्या स्वयंपाकिणीची एक मालिका २००३ मध्ये कोरियात खूप गाजली आणि मग देशोदेशी गेली. तिच्यातले पदार्थ याच हान बोक-र्योंच्या मार्गदर्शनाखाली झाले. भिंती पाडल्या त्या जुनी चित्रं आणि नकाशे बघून परत बांधता आल्या. स्वयंपाक मात्र एका म्हाताऱ्या बाईकडून दुसरीने वेळेत शिकून घेतला म्हणूनच राहिला.

मुदपाकखान्याप्रमाणेच राजवाड्यात रांजणांचा एक वेगळा आवार आहे. त्यावर देखरेखीला खास बाई नेमलेली असे. रांजणात काय? सोयाबीन! आपल्या मराठवाड्या-विदर्भात सोयाबीन पिकतं आणि पोत्यातून थेट तेलाच्या गिरणीत जातं. तिकडे ते शिजवून, कुटून, त्याच्या विटा थापतात आणि गवताच्या दोरीने टांगून ठेवतात. त्या आंबल्या की मिठाच्या पाण्यात, मातीच्या रांजणात. काही महिन्यांनी वरचं पाणी निघतं ते गानजांग, म्हणजे सोया सॉस, आणि खाली राहतं ते द्वेनजांग. हे दोन्ही वर्षानुवर्षं मुरत ठेवतात. २०२४ मध्ये युनेस्कोने या कलेला जगाच्या वारशात घेतलं. एक मात्र सांगून ठेवतो, त्यांची लाल मिरची आपल्यासारखीच बाहेरून आलेली. साडेपाचशे वर्षांपूर्वी ना त्यांच्याकडे मिरची होती ना आपल्याकडे.

दुसरा राजवाडा चांगदोकगुंग. तो १४०५चा, १९९७ पासून युनेस्कोच्या यादीत. झाडं तोडून मैदान न करता डोंगरउताराला धरून बांधलेला आहे. मागची बाग सुंदर आहे, तिथे ठरावीक संख्येनेच सोडतात. शेवटची राणी इथेच राहायची.

जेवणाआधी किंवा नंतर स्वस्तातल्या सहलींची गाडी हमखास एका दुकानापाशी थांबते. जिनसेंग नावाच्या औषधी मुळीचं दुकान, नाहीतर तोंडाला लावायच्या क्रीमचं. तिथे तासभर माहिती देतात आणि मग महागड्या डब्या पुढे करतात. सहल स्वस्त का असते त्याचं उत्तर या दुकानात आहे. घेतलंच पाहिजे असं नाही. कोरियाच काय, कुठेही सहलीचं पत्रक वाचताना दुकानं किती आणि बघायची ठिकाणं किती, हे आधी मोजावं.

जेवायला आम्ही तोंगिन बाजार सुचवू. ग्योंगबोकगुंगच्या पश्चिमेला, चालत जाता येईल असा गल्लीतला छोटा बाजार. मोठमोठी वातानुकूलित दुकानं आल्यावर अशा बाजारांची गिऱ्हाइकं आटली. इथल्या दुकानदारांनी मिळून युक्ती काढली. नोटा देऊन जुन्या पद्धतीची पितळी नाणी घ्यायची, सोबत रिकामा डबा मिळतो. मग प्रत्येक दुकानी एकदोन नाणी देऊन थोडं थोडं डब्यात घ्यायचं. एका गिऱ्हाइकाचे पैसे आठ-दहा दुकानांत वाटले जातात. सरकारनेही हात दिला. फक्त जुन्या बाजारांत चालणारी खरेदीची कूपनं २००९ पासून काढली, बाजारांवर छतं घालायला मदत केली आणि २०१२ पासून मोठ्या दुकानांना महिन्यातून दोन दिवस बंद ठेवण्याचा नियम आणला. आपल्या आठवडी बाजारासाठी असं काही करता येईल का, यावर गटात एकदा बोला.

शाकाहारी मैत्रिणींनी जपून. भाजीच्या रश्शातही सुक्या मासळीचं पाणी असतं आणि किमचीत बहुधा मासळीचा सॉस. बौद्ध मठांच्या पद्धतीचं जेवण मिळतं, ते चालेल. त्यात मांस-मासळी नाही, कांदा-लसूणही नाही, अगदी आपल्या नैवेद्यासारखं.

संध्याकाळी ग्वांगजांग बाजार. नामदेमुन बाजार याहून जुना आणि मोठा, दहा हजारांवर दुकानांचा, पण वेळ एकाचाच असेल तर ग्वांगजांग. १९०५ साली नामदेमुनवर जपानी व्यापाऱ्यांचा ताबा वाढत चालला, तेव्हा कोरियन व्यापाऱ्यांनी पैसे घालून हा बाजार उभा केला. वरच्या मजल्यावर रेशीम आणि लग्नाचे हानबोक, खाली खाण्याच्या टपऱ्या. टपऱ्यांवर बहुतेक बायकाच. समोर दगडी जातं फिरतंय, त्यात भिजवलेले सोललेले मूग पडताहेत. त्या पिठात मोड आलेले मूग आणि किमची घालून भरपूर तेलात जाड धिरडं टाकतात. त्याचं नाव बिंदेत्तोक. अनेकदा डुकराचं मांसही घालतात, म्हणून आधी विचारा.

या धिरड्याची कृती एका जुन्या पुस्तकात आहे. १६७०च्या सुमाराचं, जांग ग्ये-ह्यांग नावाच्या बाईने म्हातारपणी लिहिलेलं. शिकलेले पुरुष तेव्हा चिनी अक्षरांत लिहीत. हिने राजा सेजोंगने पंधराव्या शतकात बनवलेल्या सोप्या कोरियन लिपीत लिहिलं, जिला ते पुरुष बायकांची लिपी म्हणून हिणवत. तिच्या धिरड्यात मधात कालवलेलं डाळीचं पुरण आहे. पुस्तकाच्या शेवटी तिने मुलींना बजावलंय, की याची नक्कल करून न्या, पण मूळ वही घरातून हलवू नका.

ग्वांगजांगमधल्या बाईकडे धिरडं मागितलं की ती बाकावर बसायला सांगते. हिवाळ्यात काही टपऱ्यांवर हे बाकसुद्धा विजेवर गरम ठेवलेले असतात. सोबत सोया सॉसमध्ये बुडवलेला कांदा येतो. धिरडं कडेने कुरकुरीत, आत मऊ. गरम असतानाच खायचं.