विश्लेषण : सैन्यातील लैंगिक अत्याचाराचा खटला चालवायचा की नाही, हे कमांडरने का ठरवू नये?

अमेरिकी सैन्यात लैंगिक अत्याचाराची तक्रार आली, की खटला चालवायचा की नाही हे अनेक दशके कमांडरच ठरवत असे. बऱ्याचदा तक्रारदारही त्याच्याच हाताखाली आणि आरोपीही. ज्याच्या तुकडीची अब्रू पणाला लागली आहे, त्याच्याच हाती निर्णय. ही व्यवस्था डिसेंबर २०२३ मध्ये बदलली. त्यामागे २० वर्षांच्या एका सैनिक तरुणीचा मृत्यू आणि तिच्या बहिणींनी लावून धरलेला लढा आहे.

व्हेनेसा गियेन प्रकरण काय?

टेक्सासमधील फोर्ट हूड तळावरून व्हेनेसा २२ एप्रिल २०२० रोजी बेपत्ता झाली. दोन महिन्यांनी तिचे अवशेष सापडले. सहकारी सैनिकाने तिचा खून केला होता. आपला लैंगिक छळ होत असल्याचे तिने घरी सांगितले होते. लष्कराने सुरुवातीला तसा पुरावा नसल्याचे म्हटले. पुढे लष्कराच्याच चौकशीत एका वरिष्ठाने (खून करणारा नव्हे, दुसराच) तिचा छळ केल्याचे आणि ते कळूनही वर कळवले गेले नसल्याचे निष्पन्न झाले. मायरा आणि लुपे या तिच्या बहिणी रस्त्यावर उतरल्या. समाजमाध्यमांवर शेकडो आजी-माजी सैनिकांनी ‘मीही व्हेनेसा गियेन’ म्हणत स्वतःचे अनुभव लिहिले. डिसेंबर २०२० मध्ये फोर्ट हूडच्या १४ अधिकारी आणि सैनिकांना पदावरून हटवण्यात आले किंवा निलंबित करण्यात आले.

कायद्यात काय बदलले?

सिनेटर कर्स्टन गिलिब्रँड २०१३ पासून हीच मागणी करत होत्या. दरवेळी लष्करी नेतृत्वाचे उत्तर एकच : कमांडरचे अधिकार काढले तर शिस्त बिघडेल. आधीच्या व्यवस्थेत कोणती शिस्त टिकली होती, हा प्रश्न मात्र अनुत्तरितच राहिला. अखेर २०२१ च्या शेवटी कायदा झाला. त्यानुसार बलात्कार, लैंगिक हल्ला, खून, कौटुंबिक हिंसा अशा गुन्ह्यांत खटल्याचा निर्णय आता कमांडरच्या साखळीबाहेरचे विशेष लष्करी वकील घेतात.

तक्रार करायची तर मार्ग कोणते?

दोन. एकात नाव गोपनीय राहते. उपचार आणि समुपदेशन मिळते, पण चौकशी सुरू होत नाही. दुसऱ्यात रीतसर तपास होतो. पीडितांची बाजू मांडणारा स्वतंत्र वकीलही २०१३ पासून मिळतो. तरीही संरक्षण विभागाच्या अंदाजानुसार २०२३ मध्ये सुमारे २९ हजार सैनिकांना असा अनुभव आला आणि चारपैकी जेमतेम एकाने तक्रार केली. यात पुरुषही मोठ्या संख्येने आहेत, पण त्यांच्याविषयी फारसे बोलले जात नाही.

अजून काय अडते?

नुकसानभरपाई. सेवेतील इजेसाठी सैनिकाला सरकारवर दावा लावता येत नाही, असा अमेरिकी सर्वोच्च न्यायालयाचा १९५० चा निवाडा (फेरेस) आहे आणि लैंगिक अत्याचाराच्या दाव्यांतही तोच आडवा येत आला आहे. निवृत्त सैनिकांच्या सरकारी रुग्णालयांत अशा आघातावरील उपचार मात्र मोफत आहेत. सेवेत असताना तक्रार केली नसली, हाती एकही कागद नसला, तरी ते नाकारले जात नाहीत.