रेनाटे म्युलर : एका हसऱ्या नटीची शोकांतिका

राजाश्रयानें कला वाढते असें आपण म्हणतों. परंतु तोच आश्रय कधीं कधीं कलावंताच्या गळ्यांतील पाश होतो. दोन महायुद्धांच्या मधल्या काळांत जर्मनींत नांवारूपास आलेल्या रेनाटे म्युलर या नटीचें चरित्र या दृष्टीनें मननीय आहे. तिच्याच काळच्या मार्लेन डीट्रिखची कीर्ति जगभर झाली; रेनाटे मात्र आज तिच्या देशाबाहेर फारशी कोणाच्या स्मरणांत नाहीं.

रेनाटेचा जन्म २६ एप्रिल १९०६ रोजीं म्यूनिक शहरीं झाला. वडील वृत्तपत्राचे संपादक व आई चित्रकार, त्यामुळें घरचें वातावरण सुसंस्कृत होतें. बर्लिनमध्यें मॅक्स राइनहार्ट यांच्या नाट्यविद्यालयांत तिनें अभिनयाचें शिक्षण घेतलें व कांहीं वर्षें रंगभूमीवर कामें केलीं. १९२९ सालीं राइनहोल्ड श्युन्त्सेल या नट-दिग्दर्शकानें तिला आपल्या चित्रपटांत भूमिका दिली. मूकपटांचें युग संपून बोलपटांचें सुरू होण्याची ती वेळ होती. रेनाटेची वाणी स्वच्छ असून तिला गातांहि येत असे. हा कालबदल तिला अनुकूलच ठरला.

१९३१ सालीं आलेल्या ‘डी प्रिव्हाट्झेक्रेटेरिन’, म्हणजे ‘खाजगी चिटणीस’, या बोलपटानें तिला एकदम लोकप्रियता मिळवून दिली. लहान गांवाहून नोकरीसाठीं बर्लिनला आलेली एक आनंदी तरुणी बँकेंत टंकलेखनाचें काम मिळविते, आणि ज्या गृहस्थावर तिचें प्रेम बसतें तोच त्या बँकेचा मुख्य निघतो, एवढीच ती साधी कथा. परंतु तो मंदीचा काळ होता. १९३२ च्या प्रारंभीं जर्मनींतील बेकारांची संख्या साठ लाखांवर गेली होती. अशा वेळीं नोकरी मिळाल्याच्या आनंदांत गाणारी मुलगी लोकांस आपलीशी वाटली, यांत नवल तें काय? कथेच्या फ्रेंच, इटालियन व इंग्रजी आवृत्त्याहि निघाल्या, आणि इंग्रजी आवृत्तींत नायिकेचें काम स्वतः रेनाटेनेंच केलें.

१९३३ च्या जानेवारींत हिटलर सत्तेवर आला आणि चित्रपटव्यवसाय गोबेल्सच्या प्रचारखात्याच्या मुठींत गेला. ‘खाजगी चिटणीस’चा दिग्दर्शक विल्हेल्म थीले, संगीतकार पॉल अब्राहाम आणि बँकेंतील शिपायाची भूमिका करणारा विनोदी नट फेलिक्स ब्रेसार्ट हे तिघेहि ज्यू होते, तिघांनाहि जर्मनी सोडावी लागली. ज्यांच्या संगतीनें हंसून तिनें कीर्ति मिळविली, त्यांच्या जागा अशा एकामागून एक रिकाम्या झाल्या. त्याच वर्षाअखेर श्युन्त्सेलनें दिग्दर्शित केलेल्या ‘व्हिक्टर उंड व्हिक्टोरिया’ या विनोदी चित्रांत स्त्रीवेषधारी पुरुषाचें सोंग घेणाऱ्या तरुणीची अवघड भूमिका तिनें मोठ्या खुबीनें वठविली. हेंच कथानक घेऊन १९८२ सालीं हॉलिवुडनें ज्यूली अँड्र्यूज हिचा प्रसिद्ध चित्रपट काढला. श्युन्त्सेलची माता ज्यू होती. त्यानेंहि १९३७ सालीं देश सोडला.

रेनाटे मात्र मागें राहिली. ‘टॉगर’ या सत्ताधाऱ्यांच्या विचारांचा प्रचार करणाऱ्या चित्रपटांत तिनें काम केलें, आणि तें तिचें अखेरचें चित्र ठरलें. त्याच १९३७ सालीं ती खिडकीतून खालीं पडली आणि ७ ऑक्टोबर रोजीं बर्लिन येथें तिचा अंत झाला. तिचें वय अवघें एकतीस होतें. कोणी हा अपघात म्हटला, कोणी आत्महत्या, तर कोणी गुप्त पोलिसांकडे बोट दाखविलें. यांपैकीं एकहि गोष्ट निर्णायक पुराव्यानें सिद्ध झालेली नाहीं. परंतु तरुण नटीच्या मृत्यूची वार्ता ऐकतांच लोकांच्या मनांत प्रथम सरकारचाच संशय यावा, ही एकच गोष्ट त्या राजवटीविषयीं पुष्कळ सांगून जाते.

१९३० सालीं रेनाटेनें एमिल यानिंग्जबरोबर ‘लीब्लिंग डेर ग्योटर’ या बोलपटांत काम केलें होतें. त्या नांवाचा अर्थ ‘देवांचा लाडका’. तीस वर्षांनीं, १९६० मध्यें, तिच्या जीवनावर चित्रपट निघाला, त्यालाहि हेंच नांव देण्यांत आलें. आणि त्याचे दिग्दर्शक होते तिच्या विद्यालयाचे संस्थापक मॅक्स राइनहार्ट यांचे पुत्र गॉटफ्रीड, ज्यांना त्याच राजवटीमुळें मायदेशाबाहेर राहावें लागलें होतें. जे दूर गेले त्यांना परमुलुखांत नव्यानें संसार मांडावा लागला, पण पुढें सांगावयास ते उरले. जी राहिली तिची कथा इतरांना सांगावी लागली.