एकच उदाहरण, पण इयत्ता कोणती?

म्हापशाच्या बाजारात दोन नारळ आणि तीन शहाळी मिळून 240 रुपयांना पडली. दोन नारळ आणि पाच शहाळी घेतली असती, तर 340 रुपये झाले असते. शहाळे केवढ्याला? दोन अज्ञात, दोन अटी. म्हणजे पुस्तकी भाषेत ही दोन चलांतील रेषीय समीकरणांची जोडी, दहावीचा विषय. तरीही सहावीतील मूल हे उदाहरण ‘क्ष’ न मांडता सोडवते. नारळ दोन्हीकडे सारखेच. वाढली ती दोन शहाळी आणि 100 रुपये. शहाळे 50 रुपयांना, नारळ 45 रुपयांना.

आता दुसरी अट बदलावी: तीन नारळ आणि दोन शहाळी 235 रुपयांना. सारखे काहीच उरले नाही. मात्र दोन्ही खरेद्या एकत्र केल्या, की पाच नारळ, पाच शहाळी आणि 475 रुपये होतात. एक जोडी 95 रुपयांची. पहिल्या खरेदीतून अशा दोन जोड्या वगळल्या, की उरते एकच शहाळे. आठवीतील चौकस विद्यार्थ्याला हे सुचू शकते. पण ‘पाच नारळ आणि दोन शहाळी 325 रुपयांना’ असे म्हटले, की युक्ती संपते आणि पद्धत लागते. पहिले समीकरण 5 ने व दुसरे 2 ने गुणून वजाबाकी केली, की नारळांचा लोप होतो. उरतात 11 शहाळी आणि 550 रुपये. किमती तिन्ही वेळा त्याच आहेत.

दहावीचा खरा कस याच्या पुढे लागतो. दुसरी अट ‘चार नारळ आणि सहा शहाळी 480 रुपयांना’ अशी असेल, तर ती पहिलीचीच दुप्पट. आलेखावर दोन्ही रेषा एकमेकींवर पडतात आणि उत्तरे अनंत. 480 च्या जागी 500 लिहिले, तर रेषा समांतर, उत्तरच नाही.

मराठीतून समजावणे सोपे जावे म्हणून गोव्यातील पालक शेजारच्या राज्यातील मार्गदर्शक पुस्तक आणतो, तेव्हा निराळाच घोटाळा होतो. महाराष्ट्र मंडळाच्या दहावीच्या पुस्तकात याच प्रकरणात निश्चयक आणि क्रेमरची पद्धत आहे. गॅब्रिएल क्रेमर या स्विस गणितज्ञाने ती 1750 मध्ये मांडली. गोव्यात वापरल्या जाणाऱ्या एनसीईआरटीच्या पुस्तकांत मात्र निश्चयक बारावीत भेटतात. न शिकवलेले साधन हाती नाही, म्हणून मूल अडते. आणि ‘आपल्याला गणित येत नाही’ असा समज करून घेते. पुस्तक चुकीचे नसते, मूलही कच्चे नसते.

सरावासाठी भास्कराचार्यांच्या ‘बीजगणित’ या बाराव्या शतकातील ग्रंथातील कोडे अधिक बरे. एक जण मित्राला म्हणतो, शंभर दिलेस तर मी तुझ्या दुप्पट धनवान होईन. मित्र उत्तरतो, तू मला दहाच दे, मी तुझ्या सहापट होईन. आठवीतील मुलाला अंदाजाने बराच वेळ झगडावे लागेल; दहावीतील मूल दोन समीकरणे मांडून काही ओळींत 40 आणि 170 वर पोहोचते.