तीन महिन्यांनी कळणारी पेशी

उंदराचं वृषण वजनाला जेमतेम शंभर मिलिग्रॅम भरतं. वरचं पांढरं आवरण चिमट्याने फाडलं की आतून नलिकांचा गुंता डिशमध्ये पसरतो. नलिका पाव मिलिमीटरहूनही बारीक, पण सगळ्या सरळ केल्या तर लांबी मीटरमध्ये मोजावी लागेल. मुंबईतल्या एका प्रयोगशाळेत मी हे काम पाहत बसलो होतो. पीएच.डी. करणारी मुलगी दोन चिमटे धरून गुंता सोडवत होती. त्याआधी कोलॅजिनेज नावाच्या एन्झाइमने नलिकांमधला भराव सैल करून घेतला होता. मध्येच ती म्हणाली, "ओढायच्या नाहीत सर, ओढल्या की तुटतात. आपोआप सुट्या होऊ द्यायच्या."

अशा नलिकेचा आडवा छेद घेतला, की शुक्रपेशी कशी घडते ते बाहेरून आत वाचता येतं. भिंतीला टेकून सगळ्यांत तरुण पेशी असतात. त्यांच्या आत विभाजनाच्या निरनिराळ्या टप्प्यांवरच्या पेशी, आणि मधल्या पोकळीत शेपट्या फुटलेल्या शुक्रपेशी. या सगळ्यांना सांभाळणाऱ्या सर्टोली पेशी भिंतीपासून पोकळीपर्यंत उभ्या पसरलेल्या असतात. एन्रिको सर्टोलीने त्यांचं वर्णन 1865 साली केलं. भिंतीपासून पोकळीपर्यंतच्या या वाटचालीला उंदरात सुमारे 35 दिवस लागतात, माणसात सुमारे 64. निरोगी पुरुषाच्या शरीरात रोज काही कोटी शुक्रपेशी तयार होतात, आणि हे काम वयात आल्यापासून म्हातारपणापर्यंत चालू राहतं.

इतका खप आणि इतकी वर्षं, म्हणजे मूळ साठा कुठेतरी राखून ठेवला जात असणार. तो राखतात भिंतीलगतच्या मूळपेशी. त्यांचं विभाजन झालं की काही पेशी शुक्रपेशी होण्याच्या वाटेला लागतात आणि काही मूळपेशी म्हणूनच मागे राहतात. प्रयोगशाळेत या राखलेल्या साठ्याला सरळ 'विरजण' म्हणतात. एखाद्या उंदरात शुक्रपेशींची निर्मिती काही आठवडे चालून मग बंद पडली, तर वहीत शास्त्रीय नोंद होते, पण चहाच्या वेळी बोलताना मात्र 'याने विरजणही खाऊन टाकलं' एवढंच.

आता ही मूळपेशी मला दाखव, असं म्हटलं की अडचण सुरू होते. मुलीने नलिकेचा तुकडा अखंड ठेवून त्यावर प्रतिपिंडांचा रंग चढवला होता. कॉन्फोकल सूक्ष्मदर्शकाच्या पडद्यावर काळोखात हिरव्या पेशी दिसू लागल्या. एखादी एकटी, कुठे दोघींची जोडी, कुठे चार, आठ, सोळा पेशींची साखळी. साखळीतल्या पेशी विभाजनानंतर पुरत्या सुट्या होत नाहीत, बारीक पुलांनी जोडलेल्याच राहतात. 1971 साली क्लेअर हकिन्स आणि यूजीन ओकबर्ग यांनी, वेगवेगळं काम करून, जवळपास सारखाच निष्कर्ष काढला: एकटी ती मूळपेशी, साखळीत गेलेली वाटेला लागलेली. हिशोब सुटसुटीत होता. या मोजणीने उंदराच्या एका वृषणात अशा एकट्या पेशी सुमारे 35 हजार भरतात. जननपेशींच्या गर्दीत दहा हजारांमागे तीन.

पुढे जपानमध्ये शोसेई योशिदा यांच्या गटाने जिवंत उंदराच्या वृषणातल्या या पेशींचं तासन् तास चित्रण केलं. तेव्हा साखळ्या तुटतानाही दिसल्या. तुटून एकट्या झालेल्या पेशी पुन्हा मूळपेशीसारख्या वागू शकतात असं त्यातून पुढे आलं. म्हणजे पडद्यावरच्या एकट्या पेशीकडे बोट दाखवून 'हीच ती' म्हणण्याची सोय राहिली नाही. ती कालच साखळीतून सुटलेली असेल, किंवा उद्या साखळी सुरू करणार असेल. मला विचाराल तर इतकी वर्षं चित्रावर भिस्त ठेवली गेली, याचंच नवल वाटतं. पेशी मूळ आहे की नाही हे तिच्या पुढच्या वागण्यावर ठरतं, आणि स्थिर चित्रात पुढचं काहीच दिसत नाही.

खात्रीची परीक्षा एकच आहे. ती पेन्सिल्व्हेनिया विद्यापीठातल्या राल्फ ब्रिन्स्टर यांनी 1994 साली घालून दिली. पेशी दुसऱ्या, रिकाम्या वृषणात सोडायची आणि ती तिथे वंश चालवते का ते पाहायचं. वृषण रिकामं करण्यासाठी उंदराला बुसल्फान टोचतात. अस्थिमज्जा बदलण्याआधी रुग्णाला देतात तेच हे औषध. महिना-सव्वा महिन्यात नलिकांतल्या जननपेशी जवळपास संपतात, सर्टोली पेशी मात्र टिकून राहतात.

टोचण्याचं काम डोळ्यांत तेल घालून करावं लागतं. गुंगी दिलेल्या उंदराच्या पोटाला छोटी चीर देऊन वृषण बाहेर ओढतात. चरबीत दडलेल्या बाहेर जाणाऱ्या नळ्या शोधतात आणि त्यांतल्या एकीत काचेची ओढून बारीक केलेली सुई शिरवतात. "सर, श्वास जरा तिकडे सोडा," असं मला बजावण्यात आलं. द्रावण दहा मायक्रोलिटर, त्यात पेशी आणि थोडा ट्रिपॅन ब्लू. दाब अचूक असेल तर निळा रंग नलिकांमधून वळणं घेत पुढे सरकताना वरूनही दिसतो. सुई किंचित सरकली, तर तोच रंग नलिकांबाहेर ढगासारखा पसरतो आणि ते वृषण बाद होतं.

यानंतर करायचं काहीच नसतं. प्राणिगृहातले मामा पिंजऱ्याच्या कार्डावर तारीख लिहितात, आणि दोन-तीन महिने वाट पाहायची. या थांबण्यातच परीक्षेचं मर्म आहे. सोडलेल्या पेशींत मूळपेशी थोड्या, वाटेला लागलेल्या पुष्कळ. वाटेला लागलेल्या तग धरून राहिल्या तरी 35 दिवसांत त्यांचा प्रवास संपतो. तीन महिन्यांनंतरही जिथे शुक्रपेशी घडताहेत, तिथे मूळपेशीच रुजलेली असणार. पेशी सोडल्या जातात मधल्या पोकळीत, आणि रुजायला सर्टोली पेशींच्या घट्ट जोडांतून उलट भिंतीपर्यंत जावं लागतं. बहुतेकींना ते जमत नाही. ब्रिन्स्टर यांनी दात्या उंदरात जिवाणूचा एक जनुक घातला होता, त्यामुळे योग्य रसायनात बुडवल्यावर त्याच्या पेशींचे वंशज निळे होत. नलिकेवरचा निळा पट्टा म्हणजे रुजलेल्या मूळपेशीची वसाहत. ते पट्टे मोजणं हीच मूळपेशींची मोजणी.

या परीक्षेमुळे पुढची दारं उघडली. 1996 साली घुशीच्या नात्यातल्या रॅटच्या मूळपेशींनी उंदराच्या वृषणात रॅटच्याच शुक्रपेशी घडवल्या. 2022 साली ब्रिन्स्टर यांच्याच विद्यापीठातल्या गटाने 23 वर्षं गोठवून ठेवलेल्या रॅटच्या पेशी उंदरात रुजवल्या. त्या रुजल्या, पण शुक्रपेशी ताज्यांपेक्षा कमी झाल्या. शेजाराचं महत्त्वही कळलं. सर्टोली पेशी जीडीएनएफ नावाचं प्रथिन सोडतात. ते कमी पडलं की विरजण संपतं, आणि फार झालं की पेशी भिंतीलगत साचतात, पुढे सरकत नाहीत. हे 2000 साली उंदरांत दिसलं.

हे सगळं माणसाच्या उपयोगाचं ठरेल ते कर्करोग झालेल्या लहान मुलांसाठी. प्रौढ पुरुष केमोथेरपीआधी वीर्य गोठवून ठेवू शकतो. सात वर्षांच्या मुलाजवळ गोठवायला शुक्रपेशी नसतात, मूळपेशी असतात. म्हणून काही देशांत अशा मुलांच्या वृषणाचा छोटा तुकडा गोठवून ठेवतात. अमेरिकेत वयात न आलेल्या ऱ्हिसस माकडाचा गोठवलेला तुकडा त्याच माकडात पुन्हा रोपल्याचा प्रयोग 2019 साली प्रसिद्ध झाला. त्यात तयार झालेल्या शुक्रपेशीपासून ग्रेडी नावाचं पिल्लू जन्मलं.

रक्ताच्या कर्करोगात मात्र गाडी अडते. गोठवलेल्या तुकड्यात कर्कपेशी दडलेल्या असू शकतात. रॅटमधल्या प्रयोगात वृषणात सोडलेल्या अवघ्या वीस कर्कपेशींनी रोग परत आणला होता. तेव्हा अशा मुलांना तुकडा नव्हे, त्यातून निवडून काढलेल्या मूळपेशीच परत द्याव्या लागतील. प्रयोगशाळेतली मुलगी पेशींच्या पृष्ठभागावरच्या खुणा तपासत बसते ती त्यासाठीच. एक खूण मूळपेशींवर हमखास सापडते, पण शेजारणींवरही असते. दुसरी नेमकी वाटते, पण कर्कपेशींतही निघते. एकही कर्कपेशी सुटू न देणारी चाळणी अजून तयार झालेली नाही.